मुलीची पूजा तीन तास चालते : भक्ती की मंत्रचळ?

पत्र

माझी मुलगी २३ वर्षांची आहे. बी.कॉम. करून एमपीएससीचा अभ्यास करते. लहानपणापासून तिला देवाधर्माची आवड, आम्हाला त्याचं कौतुकच होतं. पण गेल्या वर्षभरात तिची सकाळची पूजा वाढत वाढत तीन तासांवर गेली आहे. अथर्वशीर्षात एखादा शब्द अडखळला की पहिल्यापासून सुरू करते. मध्येच उठून पुन्हा अंघोळ करते. महिन्यापूर्वी रडत रडत म्हणाली, की गणपतीकडे पाहिलं की मनात घाणेरडे विचार, शिव्या येतात. मी पापी आहे, माझ्यामुळे बाबांना काहीतरी होईल. दिवसातून तीस-चाळीस वेळा विचारते, ‘आई, माझं काही चुकलं नाही ना?’ मी ‘नाही गं’ म्हणते. नणंदबाई म्हणतात, बाहेरचं आहे, त्र्यंबकेश्वरला जाऊन शांत करून घ्या. मुलगा म्हणतो, देवच उचलून माळ्यावर ठेवा. मिस्टरांना वाटतं, मानसोपचारवाले हिला नास्तिक करून सोडतील. पूर्वपरीक्षा तीन महिन्यांवर आली आहे. आत्ता काही करावं की परीक्षेनंतर?

– एक आई, सातारा

उत्तर

ताई,

तुम्ही लिहिलंय ते वाचून मुलीला मंत्रचळ असावा असं वाटतं. डॉक्टर त्याला ओसीडी म्हणतात. यात नको असलेली शंका मनात पुन्हा पुन्हा येते आणि ती घालवायला माणूस तीच ती कृती करत राहतो. पत्रावरून निदान होत नाही, ते मनोविकारतज्ज्ञांनीच करायचं. पण हे चित्र त्यांच्या इतक्या ओळखीचं आहे, की पहिल्या भेटीत तुम्हाला फार समजावून सांगावं लागणार नाही. हा आजार बहुतेकांना पंचविशीच्या आत सुरू होतो. कुणाला गॅसचं बटण बंद केलं का याची शंका छळते, कुणाला हात स्वच्छ झाले का याची. माणसाला जे सगळ्यात मोलाचं वाटतं त्यालाच हा आजार धरतो. तुमच्या मुलीला देव मोलाचा, म्हणून तिची शंका देव्हाऱ्यात जाऊन बसली. भक्ती जास्त झाली म्हणून आजार झाला, असं मात्र नाही.

मग भक्ती कुठे संपते आणि आजार कुठे सुरू होतो? नुसतं घड्याळ बघून ते कळत नाही. एखादे आजोबा रोज चार तास पूजा करतात आणि प्रसन्न चेहऱ्यानं जेवायला बसतात. ते आजारी नाहीत. तुमची मुलगी पूजेवरून उठते ती थकलेली आणि आणखी घाबरलेली. दुसरी खूण अशी, की या आजारात धर्म आक्रसत जातो. स्तोत्राच्या एका शब्दासाठी तास जातो, आणि त्यापायी घरातल्या हळदीकुंकवाला, मैत्रिणीच्या लग्नाला, कधी कधी देवळातही जाणं राहून जातं. तिसरी खूण म्हणजे तुमच्या घरच्या रीतीत किंवा गुरुजींच्या सांगण्यात नसलेले नियम ती स्वतःला लावत असेल. आणि सगळ्यात महत्त्वाचं, हे अती होतंय हे तिचं तिलाही कळतं. तेवढं कळूनही थांबता येत नाही, हाच तर त्रास.

आता त्या घाणेरड्या विचारांबद्दल, कारण तिला सगळ्यात जास्त लाज त्याचीच वाटत असणार. लंडनमध्ये रॅकमन आणि डी सिल्वा या मानसशास्त्रज्ञांनी १९७८ साली निरोगी माणसांना विचारलं, की नको ते, अभद्र, हिंसक विचार मनात येतात का. सुमारे ८० टक्के लोक ‘हो’ म्हणाले. विचारांचा मजकूरही रुग्णांच्या विचारांपेक्षा फार वेगळा नव्हता. फरक पुढच्या पायरीवर पडतो. तुमच्याआमच्या मनात देवळात काही वेडंवाकडं आलं, तर आपण ‘काय हे’ म्हणून पुढे जातो. तिला वाटतं, विचार आला म्हणजे मी तो केला, आणि केला म्हणजे पाप लागलं. मग ती तो दाबायला बघते. औषध घेताना माकड आठवू नकोस, असं सांगणाऱ्या वैद्याची गोष्ट तुम्हाला ठाऊक असेलच. दाबलेला विचार दुप्पट जोरानं वर येतो.

यातून जे चक्र सुरू होतं ते नीट समजून घ्या, कारण सगळा उपचार त्यावरच बेतलेला आहे. विचार येतो. भीती वाढते. भीती घालवायला ती स्तोत्र पुन्हा म्हणते, पुन्हा अंघोळ करते किंवा तुम्हाला विचारते. पाच-दहा मिनिटं बरं वाटतं. त्या पाच मिनिटांत मेंदू शिकतो, की पुन्हा म्हटलं म्हणून संकट टळलं. पुढच्या वेळी शंका आणखी लवकर येते आणि दोन आवर्तनं पुरत नाहीत, चार लागतात. तुमचं ‘नाही गं’ हेही या चक्रात आवर्तनाचंच काम करतं. तुम्ही ते मायेनंच म्हणता, पण दिवसातून चाळीस वेळा दिलेला धीर आजाराला खतपाणी घालतो.

मिस्टरांची भीती अगदीच निराधार नाही. मनोविश्लेषणाचा जनक फ्रॉइड यानं १९०७ मध्ये एक लेख लिहिला आणि त्यात धार्मिक विधी आणि मंत्रचळी माणसाच्या कृती शेजारी शेजारी मांडल्या. दोन्हींत कृती ठरलेल्या असतात आणि त्या मोडल्या तर मन खातं, हे त्याचं निरीक्षण बरोबर होतं. पण तिथून तो धर्म म्हणजे सगळ्या मानवजातीचा मंत्रचळच, इथपर्यंत गेला. ती उडी फार लांबची झाली, आणि मानसशास्त्र आणि श्रद्धा यांच्यातला संशय पुढे कित्येक दशकं टिकला. आज परिस्थिती वेगळी आहे. जागतिक मनोविकारतज्ज्ञ संघटनेच्या २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या भूमिकेत म्हटलंय, की रुग्णाच्या श्रद्धेची चौकशी नेहमीच्या तपासणीत व्हावी, आणि डॉक्टरनं आपल्या पदाचा वापर करून धर्माचा किंवा निधर्मीपणाचा प्रचार करू नये. मुलीला ‘देव सोड’ म्हणणारा डॉक्टर भेटलाच, तर खुशाल दुसरा शोधा. पुढे ईआरपी नावाचा जो मानसोपचार सांगितलाय, त्याची सुरुवातही ऐकण्यासारखी आहे. लंडनमध्ये मानसशास्त्रज्ञ व्हिक्टर मेयर यांनी १९६६ साली तो मांडला तो दोन रुग्णांवरून, आणि त्यातल्या एका बाईंना देवाविषयी अभद्र विचार येत असत.

मुलाला सांगा, देव माळ्यावर ठेवून काही होणार नाही. पूजा टाळणं ही भीतीपासून पळवाट झाली. शंका देव्हारा सोडून चपलांकडे नाहीतर स्वयंपाकघराकडे वळेल. शिवाय तिला वाटेल, आता देव खरंच कोपणार. नणंदबाईंशी वाद घालू नका, पण शांत सध्या नको. तिथून आल्यावर आठ-पंधरा दिवस बरं वाटेल, आणि मग ‘संकल्पात माझं नाव नीट घेतलं का’ ही नवी शंका सुरू होईल. मांत्रिकाकडे तर अजिबात नको. भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणं, साखळीनं बांधणं, मिरचीची धुरी देणं हा महाराष्ट्रात २०१३ च्या कायद्यानं गुन्हा आहे.

उपचार दोन आहेत. त्रास बराच असेल तर दोन्ही एकदम सुरू करतात. औषधांत सरट्रालिन, फ्लुओक्सेटिन या गटातल्या गोळ्या देतात. याच गोळ्या नैराश्यावरही वापरतात, पण मंत्रचळाला डोस बहुधा जास्त लागतो. सरट्रालिन ५० मिलिग्रॅमपासून हळूहळू २०० पर्यंत नेतात. किती आणि कसं वाढवायचं ते डॉक्टरच ठरवतील. घरच्यांना इथे धीर हवा. फरक दिसायला चार ते सहा आठवडे लागतात, आणि पूर्ण डोसवर आठ ते बारा आठवडे झाल्याशिवाय ‘औषध लागू पडत नाही’ असं म्हणता येत नाही. उलट पहिल्या दोन आठवड्यांत मळमळ, अस्वस्थपणा, झोपेची गडबड होते, आणि नेमकं तेव्हाच लोक गोळी बंद करतात. या गोळ्यांची नशा होत नाही, पण त्या एकदम थांबवल्या तर चक्कर आणि चिडचिड होते. बरं वाटू लागल्यावरही निदान एक-दोन वर्षं घ्याव्या लागतात. मुलगी पंचविशीच्या आतली आहे. या वयात पहिल्या काही आठवड्यांत क्वचित जिवाचं बरंवाईट करण्याचे विचार वाढतात, म्हणून तेव्हा तिच्याकडे लक्ष ठेवा आणि तसं वाटलं तर लगेच डॉक्टरांना कळवा. कुणी नुसतीच अल्प्राझोलामसारखी झोपेची-शांततेची गोळी महिनोनमहिने देत असेल, तर तो मंत्रचळावरचा उपचार नाही आणि तिची सवय लागते.

दुसरा उपचार मानसशास्त्रज्ञांकडे होतो. त्याचं नाव एक्स्पोजर अँड रिस्पॉन्स प्रिव्हेन्शन, थोडक्यात ईआरपी. ज्याची भीती वाटते ते मुद्दाम समोर आणायचं आणि भीती घालवणारी कृती करायची नाही, एवढंच त्याचं सूत्र. साधारण बारा ते वीस भेटी लागतात, आणि रोज घरी पाऊण-एक तास सराव. धार्मिक शंकांच्या बाबतीत जाणकार उपचारक एक मर्यादा पाळतात. धर्मानं निषिद्ध मानलेलं काही करायला सांगत नाहीत. साधा श्रद्धाळू माणूस जे सहज, न घाबरता करतो तेवढंच तिच्याकडून करून घेतात.

सुरुवातीला भीतीची शिडी बनवतात, शून्य ते शंभर गुणांची. तिची शिडी साधारण अशी होईल: एकदा धुतलेली फुलं पुन्हा न धुता वाहणं, २५. अंघोळीनंतर दाराची कडी हाताला लागली तरी थेट पूजेला बसणं, ४०. अथर्वशीर्ष एकदाच म्हणणं आणि अडखळलं तरी मागे न जाणं, ६०. आरती चालू असताना घाणेरडा विचार आला तरी टाळ्या न थांबवणं, ७०. वीस मिनिटांत पूजा आटपून, तुम्हाला काही न विचारता क्लासला जाणं, ८५. सगळ्यात वरची पायरी म्हणजे ‘माझी चूक झालीही असेल, देव रागावलाही असेल, मला खात्री कधीच मिळणार नाही’ हे स्वतःच्या हातानं लिहून रोज मोठ्यानं वाचणं. ही उपचारकासोबतच करायची, घरी आपणहून नाही.

साठ गुणांची पायरी प्रत्यक्षात कशी होते ते पाहा. ती ‘अनुस्वारः परतरः’ म्हणते आणि ‘अर्धेन्दुलसितम्’ला जीभ अडखळते. आत्तापर्यंत इथून ती थेट ‘ॐ नमस्ते’वर जात होती. आता ठरल्याप्रमाणे तिनं ‘तारेण ऋद्धम्’ म्हणून पुढे जायचं. भीती साठावरून ऐंशीवर जाईल, छाती धडधडेल, हात ओले होतील. स्तोत्र संपल्यावर उठायचं, वहीत वेळ आणि भीतीचा आकडा लिहायचा, दर दहा मिनिटांनी पुन्हा लिहायचा. बहुतेकदा अर्ध्या-पाऊण तासात आकडा उतरतो. एखाद्या दिवशी नाही उतरला तरी सराव वाया जात नाही. भीती असतानाही मी परत म्हटलं नाही आणि दिवस निभला, हे शिकणं आकड्यापेक्षा मोठं. हाच सराव रोज. जमू लागलं की उपचारक मुद्दाम एखादा शब्द चुकवायला सांगतील. तेव्हा तुम्हाला कसंसंच वाटेल, पण मध्ये पडू नका.

बिघडतं कुठे? बहुतेक वेळा मनातल्या मनात. ती मोठ्यानं पुन्हा म्हणत नाही, पण आतल्या आत ‘माफ कर, माफ कर’ चालू असतं, किंवा तोच श्लोक मनात ‘दुरुस्त’ करून घेते. बाहेरून सगळं सुधारल्यासारखं दिसतं आणि आजार जिथल्या तिथे राहतो. म्हणून उपचारकाला मनातल्या कृती पहिल्या भेटीतच सांगायला हव्यात. दुसरी पळवाट म्हणजे जबाबदारी दुसऱ्यावर ढकलणं, ‘आई, आज पूजा तू कर.’ तिसरी यूट्यूबवर वेगवेगळ्या लोकांचे उच्चार ऐकून पडताळणं. आणि घाई. पहिल्याच आठवड्यात ऐंशीच्या पायरीवर चढवलं तर मुलगी उपचारालाच घाबरते.

तुमच्या घरी पूजा सांगणारे, तिचा विश्वास असलेले गुरुजी असतील, तर त्यांची मोठी मदत होईल. त्यांना उपचारकाच्या भेटीत एकदा बोलवा. तिच्या शंका आधी कागदावर लिहून न्या, दोन-तीनच. गुरुजींनी त्यांची उत्तरं एकदाच द्यायची. उत्तर परंपरेत आहेच. पूजेच्या शेवटी आपण ‘मंत्रहीनं क्रियाहीनं भक्तिहीनं सुरेश्वर’ म्हणतो, स्तोत्राच्या शेवटी ‘यदक्षरपदभ्रष्टं मात्राहीनं च यद्भवेत्’ म्हणतो. अक्षर, मात्रा चुकणार हे गृहीत धरूनच ही क्षमाप्रार्थना पूजेत आली. सोवळ्याची शंका असेल तर ‘अपवित्रः पवित्रो वा’ हा श्लोकही त्यांना सांगता येईल. पण यातही सावध राहा. मंत्रचळाच्या तावडीत क्षमाप्रार्थनासुद्धा सापडते. दिवसातून पंचवीस वेळा ती म्हटली जाऊ लागली, तर तिचंही आवर्तन झालं. म्हणून रोज एकदा, पूजेच्या शेवटी, बस्स. गुरुजींनाही स्पष्ट सांगा, की तिला प्रायश्चित्त, वाढीव जप किंवा नवा नियम देऊ नका आणि तिच्या फोनला पुन्हा पुन्हा उत्तर देऊ नका. एकच गुरुजी, दुसऱ्याकडे जाऊन खात्री करून घ्यायची नाही. मासिक पाळीचे चार दिवस तुमच्या घरी पाळत असतील तर उपचाराच्या काळात त्यावर वाद काढू नका. घरची रीत असेल तेवढंच, त्याहून काडीभरही जास्त नाही.

आता तुमच्याकडचं काम. उद्या सकाळी अचानक उत्तर देणं बंद करू नका, ती सैरभैर होईल. ती शांत असताना, बहुधा संध्याकाळी, तिच्याशी बोलून ठरवा. पहिला आठवडा फक्त मोजा, ती दिवसात किती वेळा विचारते. दुसऱ्या आठवड्यापासून एका शंकेला एकदाच उत्तर. त्यानंतर उपचारकाच्या सल्ल्यानं तेही थांबवा आणि एकच वाक्य म्हणा: ‘हा प्रश्न आजाराचा आहे, आपलं ठरलंय ना? मी इथेच बसले आहे.’ आवाज चढवायचा नाही, कुचकटपणा नाही. हे वाक्य घरातल्या सगळ्यांनी म्हणायचं, नाहीतर ती आईकडून बाबांकडे, तिथून भावाकडे जाईल. तिच्यासाठी न्हाणीघर मोकळं ठेवणं, दोनदा ताजी फुलं आणून देणं अशा सवलतीही असतील. त्या एकेक करून, तिला आधी सांगून काढून घ्या.

काही खुणा दिसल्या तर थांबू नका, त्याच दिवशी दाखवा. तिला कानात आवाज ऐकू येऊन हुकूम देत असतील, विचार आपले नसून कुणीतरी घालतंय अशी तिची खात्री असेल, खाणं सुटलं असेल, किंवा ‘मी नसलेलीच बरी’ अशी भाषा येत असेल. शेवटच्या बाबतीत तिला सरळ विचारा, ‘मरावंसं वाटतं का?’ विचारल्यानं ते डोक्यात शिरत नाही. उत्तर हो असेल तर तिला एकटं सोडू नका.

कुणाकडे जायचं? औषधासाठी मनोविकारतज्ज्ञ. ईआरपीसाठी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट, आणि फोनवरच विचारा: तुम्ही मंत्रचळावर ईआरपी करता का, घरचा सराव देता का, घरच्यांना बोलावता का? ‘सकारात्मक विचार करायला शिकवू’ किंवा ‘वाईट विचार आला की मनगटावरचं रबर ओढायचं’ असं उत्तर आलं तर पुढचं नाव बघा. जिल्हा रुग्णालयात मनोविकार विभाग असतो, तिथे खर्च कमी. येरवडा, ठाणे, नागपूर आणि रत्नागिरी इथे सरकारी प्रादेशिक मनोरुग्णालयं आहेत. त्यांची बाह्यरुग्ण सेवा सगळ्यांना खुली आहे, दाखल व्हायलाच लागतं असं नाही. सुरुवातीला फोनवर बोलायचं असेल तर सरकारची टेलिमानस सेवा १४४१६ या क्रमांकावर आहे, मराठीतही बोलता येतं.

आणि परीक्षा. परीक्षेनंतर नाही, आत्ताच. तीन महिने म्हणजे बारा-तेरा आठवडे. याच आठवड्यात डॉक्टरांना दाखवलंत तर औषधाचा गुण दिसायला लागणारा काळ बरोबर परीक्षेच्या आधी येतो. थांबलात तर अभ्यासाचा ताण वाढेल तशी सकाळची पूजा चार तासांवर जाईल. सुरुवातीचे दोन आठवडे अभ्यासाचं वेळापत्रक सैल ठेवा, ईआरपीच्या सरावाला सकाळचा तास राखून ठेवा आणि झोप सात तासांच्या खाली जाऊ देऊ नका. पहिल्या भेटीला जाताना तिनं एका कागदावर लिहून न्यावं: कोणत्या शंका, त्यावर ती काय काय करते (मनातलंसुद्धा), रोज किती वेळ जातो, कधीपासून. तोंडानं सांगायची लाज वाटली तर कागद नुसता डॉक्टरांच्या पुढे सरकवला तरी चालेल.